बहिणींची नावं अर्जात घालू की नको?

धुळे आणि जळगाव जिल्ह्यांच्या शिवेवरच्या एका गावातून हे पत्र आलं आहे. उपसा सिंचन योजनेच्या कालव्यात लेखकाच्या वडिलोपार्जित गटातलं सव्वा एकर गेलं. वडील २०११ साली वारले. सातबाऱ्यावर थोरल्या भावाचं एकट्याचं नाव, पुढे 'ए.कु.मॅ.' (एकत्र कुटुंब मॅनेजर) असा शेरा. त्यामुळे निवाडाही (मोबदला ठरवणारा हुकूम) त्याच्याच नावाने निघाला. विहीर आणि पाइपलाइन असूनही जमीन जिरायत धरली गेली. निवाड्याच्या दिवशी कोणी हजर नव्हतं, नोटीस येऊन तीन आठवडे झाले. गावच्या वकिलांनी वाढीव मोबदल्याचा अर्ज तयार केला. त्यात दोन बहिणी (त्यांतली एक सुरतेला), विहिरीत निम्मा हिस्सा असलेला चुलतभाऊ आणि पाटबंधारे महामंडळ अशी नावं दिसली आणि घरात वाद सुरू झाला. थोरला भाऊ म्हणतो, "बहिनीस्ले कोर्टमा वढू नको." लेखकाच्या पत्नीचा भाऊ महामंडळाच्या कार्यालयात नोकरीला आहे, त्याला त्रास होईल ही दुसरी भीती. बहिणी आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) माहेरी येऊन गेल्या, पण विषय काढायचं धाडस झालं नाही. लेखक विचारतात : नावं जितकी जास्त तितका खटला लांबतो ना? मग फक्त थोरल्या भावाच्या नावाने, फक्त जिल्हाधिकाऱ्यांविरुद्ध अर्ज केला तर चालणार नाही का?

भाऊ,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. त्यात 'विरुद्ध' हा शब्द सात वेळा आला आहे. बहिणींविरुद्ध, चुलतभावाविरुद्ध, महामंडळाविरुद्ध. अर्जात नाव घालणं म्हणजे त्या माणसावर फिर्याद करणं, अशी तुमच्या घरात समजूत दिसते, आणि सगळा घोळ तिथूनच सुरू झालाय.

मुळात तुम्ही दावा लावतच नाही आहात. २०१३ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम ६४ खाली तुम्ही जिल्हाधिकाऱ्यांना सांगता, की तुमचा निवाडा मला मान्य नाही, हा मुद्दा प्राधिकरणाकडे, म्हणजे भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या न्यायमंचाकडे, पाठवा. त्यांनी तो ३० दिवसांत पुढे पाठवायचा असतो, यालाच 'रेफरन्स' म्हणतात. पाठवताना जमिनीचं वर्णन, झाडं, विहीर, दिलेली रक्कम आणि 'या जमिनीत कोणाकोणाचा हितसंबंध दिसतो' त्या माणसांची नावंही कळवायची असतात. म्हणजे कायद्याच्या डोळ्यांपुढे भांडणाऱ्यांची यादी नाही, संबंध असणाऱ्यांची यादी आहे. तुमच्या वकिलांनी तीच केली आहे. वकील बरे दिसतात.

आता तुमची खरी शंका. कोर्टात दोन शब्द चालतात, 'आवश्यक पक्षकार' आणि 'योग्य पक्षकार'. ज्याच्याशिवाय परिणामकारक हुकूमच देता येत नाही तो आवश्यक. ज्याच्याशिवाय हुकूम देता येतो, पण वादाचा पुरता निकाल लावायला जो समोर असलेला बरा, तो योग्य. सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली उदित नारायण सिंग यांच्या प्रकरणात ही फोड केली, आणि आजही कोर्टात हीच सांगितली जाते. मी माझ्या पक्षकारांना याहून साधे दोन प्रश्न विचारायचे. निकालाने कोणाच्या हक्काला हात लागतो? आणि पैसे कोणाच्या खिशातून जाणार? या दोन प्रश्नांच्या उत्तरांत जेवढी माणसं येतात, तेवढी कागदावर हवीत. त्यापलीकडचं एकही नको.

सोप्या नावापासून सुरू करू या. 'फक्त जिल्हाधिकाऱ्यांविरुद्ध' असं तुम्ही लिहिलंय. जिल्हाधिकारी हा हुद्दा आहे, खुर्ची आहे. पैसे देणारं शासन आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ७९ प्रमाणे राज्याच्या बाबतीत पक्षकार म्हणून राज्याचंच नाव लागतं. म्हणून अर्जावर 'महाराष्ट्र शासन, मार्फत जिल्हाधिकारी' असं असतं, आणि त्याखाली विशेष भूसंपादन अधिकारी. ते 'मार्फत' गाळू नका आणि 'महाराष्ट्र शासन' तर मुळीच गाळू नका. अधिकाऱ्याचं व्यक्तिगत नाव मात्र कुठेही घालायचं नाही, मग मोजणीच्या दिवशी तो तुमच्याशी कितीही उर्मट वागलेला असो. त्याची बदली होईल, तुमचं प्रकरण तिथेच राहील.

महामंडळाचं जरा सविस्तर सांगते, कारण इथे मी स्वतः पोळले आहे.

आपल्या भागातले बरेचसे पाटबंधारे प्रकल्प १९९७ च्या कायद्याने स्थापन झालेल्या तापी पाटबंधारे विकास महामंडळाकडे आहेत. जमीन शासन घेतं, पण ज्याच्यासाठी घेतं आणि ज्याच्या निधीतून मोबदला जातो ती संस्था वेगळी असते. कायद्यातली गंमत अशी, की प्राधिकरणाने नोटीस कोणाला काढावी याची जी यादी कलम ६६ मध्ये आहे, तिच्यात अर्जदार आहे, हितसंबंधी आहेत, जिल्हाधिकारी आहेत. ही संस्था नावाने नाही. जुन्या १८९४ च्या कायद्यातही नव्हती. त्यामुळे वर्षानुवर्षं अशा संस्थांना न कळवताच वाढीव मोबदल्याचे निकाल लागत राहिले आणि नंतर त्या संस्था 'आम्हाला विचारलंच नाही' म्हणत वर जात राहिल्या.

१९९४ साली सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ज्ञानदेवी यांच्या प्रकरणात यावर निर्णय दिला. ज्या स्थानिक संस्थेसाठी जमीन घेतली तिला रकमेबाबत आपलं म्हणणं आणि पुरावा मांडण्याचा हक्क आहे, म्हणून तिला नोटीस गेली पाहिजे. मोबदल्याच्या रेफरन्समध्ये ती योग्य पक्षकार आहे आणि तिने मागितलं तर तिला सामील करून घ्यावं. संपादनालाच आव्हान देणारी रिट याचिका असेल, तर ती आवश्यक पक्षकार. जमीनधारक वाढीसाठी अपिलात गेला, तर तिथेही तिला प्रतिवादी करायला हवं. नव्या कायद्याच्या कलम ९८ ने संपादक संस्थेला हजर राहून पुरावा देण्याची मुभा ठेवली आहे, आणि कलम ७४ ने तर प्राधिकरणाच्या निवाड्याविरुद्ध उच्च न्यायालयात ६० दिवसांत अपील करण्याचा हक्कच दिला आहे. स्वतःहून रेफरन्स मागण्याचा हक्क तेवढा तिला नाही.

म्हणजे तुम्ही नाव घातलं काय, न घातलं काय, महामंडळ येणारच आहे. प्रश्न एवढाच, की पहिल्या तारखेला येणार की निकालानंतर.

पुष्कळ वर्षांपूर्वी पाझर तलावाच्या एका प्रकरणात मी अर्जदारांकडून उभी होते. ज्या संस्थेसाठी जमीन गेली तिचं नाव मी घातलं नाही. घातलं असतं तर तिचा वकील आला असता, त्याने उलटतपास घेतला असता, तारखा वाढल्या असत्या. सरकारी बाजू ढिली होती, निकाल झटपट लागला, वाढ चांगली मिळाली. गावाने आमच्यावर पेढे ओवाळले. मग ती संस्था उच्च न्यायालयाच्या खंडपीठात गेली. आम्हाला नोटीस नव्हती, एवढ्या एका मुद्द्यावर निवाडा रद्द होऊन प्रकरण पुन्हा खाली आलं. पुन्हा पहिल्यापासून साक्षी. त्यातल्या एका आजोबांना दुसऱ्यांदा पिंजऱ्यात उभं केलं, तेव्हा त्यांना प्रश्न ऐकूच येत नव्हता. मी त्यांच्या कानाशी ओरडून विचारायचे आणि समोरचा वकील हरकत घ्यायचा. ती चूक माझीच होती. कमी नावं म्हणजे लवकर निकाल, हे तुमच्याआधी मीही मानत होते.

तुमच्या मेहुण्याचं म्हणाल तर, महामंडळ पक्षकार म्हणून 'कार्यकारी अभियंता मार्फत' येतं. तिथे नोकरी करणाऱ्या एखाद्या लिपिकाला वा सहायकाला त्याचं काही घेणंदेणं नसतं. उलट त्याच्याकडून आतले कागद मागवण्याचा मोह तुम्हाला होईल, तो आवरा. कागद माहितीच्या अधिकारात मिळतात. त्याची नोकरी त्या अर्जापेक्षा तुमच्या फोनमुळेच जास्त धोक्यात येईल.

आता बहिणी. इथे तुमच्या वकिलांना तुम्ही थांबवलंत, हे मला सर्वांत खटकलं.

'ए.कु.मॅ.' म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. त्या तीन अक्षरांचा अर्थच असा, की जमीन त्या माणसाच्या एकट्याची नाही. तुमचा भाऊ घरातल्या सगळ्यांसाठी तिथे उभा आहे. वडील वारल्यावर मुलींचा वारसाहक्क १९५६ च्या कायद्यापासूनच आहे. वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हिस्सा २००५ च्या दुरुस्तीने आला, आणि त्यासाठी २००५ साली वडील हयात असण्याचीही गरज नाही, हे २०२० मध्ये विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट झालं. तुमचे वडील तर तेव्हा होतेच. 'बहिणींनी तोंडी हक्क सोडलाय' असं भाऊ म्हणतो. जमिनीतला हक्क तोंडी सुटत नाही, त्याला नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागतं. ते झालंय का? झालं असेल तर विषय संपला, बहिणींची नावं नकोत. तुमच्या पत्रावरून झालेलं दिसत नाही.

मग त्यांची नावं आत्ताच का, 'पुढे बघू' का नाही? सामनेवाल्याचं नाव राहिलं तर मागाहून घालता येतं, त्याने फार तर उशीर होतो. अर्जदाराचं तसं नाही. प्राधिकरणासमोर जे पाठवलं गेलं तेवढ्यावरच त्याचा अधिकार चालतो, अशी या कायद्याची जुनी रीत आहे. ज्याने मुदतीत अर्जच केला नाही त्याला मध्येच अर्जदार म्हणून आत घेता येतं का, यावर कोर्टांनी दोन्हीकडचे निर्णय दिले आहेत. एका सहहिस्सेदाराने केलेला अर्ज सगळ्यांच्या लाभाचा, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये विश्वनाथ पिल्लै प्रकरणात म्हटलं. १९९६ मध्ये अंबे देवी प्रकरणात, अर्ज न केलेल्या सहहिस्सेदाराला मागून सामील करायला नकार दिला. तुमच्या बहिणींचा हिस्सा या दोन निर्णयांच्या मधल्या फटीत कशाला ठेवता? आज एक सही लागते. पाच वर्षांनी त्याच सहीसाठी उच्च न्यायालयात युक्तिवाद करावा लागेल.

त्यांना 'सामनेवाल्या' करण्याची गरजही नाही. त्या तुमच्या बाजूच्या, अर्जदार क्रमांक तीन आणि चार. चौघांनी मिळून शासनाला सांगायचं, की आमची जमीन बागायत होती. कोर्टात ओढणं ते हे नव्हे. उलट त्यांना वगळलं आणि उद्या त्यांच्यापैकी एकीच्या मुलाने मोबदल्याच्या वाटपाची तक्रार केली, तर कलम ७६ खाली तो वाद प्राधिकरणाकडे जाईल आणि तेव्हा मात्र बहीणभाऊ खरोखर समोरासमोर उभे राहतील. शिवाय कलम ७७ मध्येच लिहिलंय, की ज्याने पूर्ण रक्कम उचलली तो खऱ्या हक्कदाराला ती देणं लागतोच. थोरल्या भावाला हे वाचून दाखवा. 'माझ्या एकट्याच्या नावावर' म्हणजे सगळी जोखीमही त्याच्या एकट्याच्या नावावर.

समजा एखादी बहीण सही करायला तयार झाली नाही. होतं असं. नवरा नको म्हणतो, सुरतहून यायला सवड नसते, किंवा 'मला काही नको आणि त्या कोर्टातही नको' असं तिचं म्हणणं असतं. तेव्हा, आणि तेव्हाच, तिला सामनेवाली करतात आणि अर्जात एक वाक्य घालतात : "सदर सामनेवाले यांचेविरुद्ध अर्जदारांची कोणतीही मागणी नाही, त्या मिळकतीत हितसंबंधी असल्याने त्यांना सामील केले आहे." पण ती नोटीस पोस्टमनच्या हातून तिच्या सासरी पोचण्याआधी तुमचा फोन गेला पाहिजे. दाराशी अचानक आलेल्या कोर्टाच्या पाकिटाने तुटलेली माहेरं मी पाहिली आहेत. त्या पाकिटात काय लिहिलंय ते कोणी वाचत नाही. भावाने नोटीस पाठवली, एवढंच गावभर होतं.

एक विचारू? आखाजीला विषय काढता आला नाही, तो बहिणी रागावतील म्हणून, की त्या 'बरं, आमचा हिस्सा किती?' असं विचारतील म्हणून? दुसरं कारण असेल तर ते पक्षकारांचं कोडं नाही, आणि वकील ते सोडवू शकणार नाही. मीही पंचविशीत माहेरच्या शेतावरची सही 'इथे कर' म्हटल्यावर केली होती. कागद वाचला नव्हता. जमीन गेल्याचं मला आजही वाईट वाटत नाही. कोणी काही सांगितलं नाही, ते मात्र आठवतं.

चुलतभावाचं सोपं आहे. विहिरीत त्याचा निम्मा हिस्सा, पाइपलाइन बहुधा सामाईक. विहीर संपादनात गेली असेल तर तिच्या मोबदल्यात त्याचा हितसंबंध उघड आहे. तो अर्जदार झाला तर फायदा तुमचाच, कारण त्याच पाण्यावर त्याची केळी उभी असल्याचे त्याच्या सातबाऱ्यावरचे पीकपेरे तुमची जमीन बागायत असल्याचा पुरावा ठरतील. सोसायटीचा किंवा जिल्हा बँकेचा बोजा 'इतर हक्का'त असेल, तर तेही नाव वकिलांना दाखवा. कर्ज फिटलं असेल तर आधी बोजा कमी करून घ्या. जमीन बटाईने दिलेली होती का, हे तुम्ही लिहिलं नाही. नव्या कायद्यात कुळाबरोबर बटाईदारही हितसंबंधीच्या व्याख्येत आहे, तेव्हा असेल तर लपवू नका. सालदाराचं नाव मोबदल्याच्या अर्जात लागत नाही. त्याचा प्रश्न पुनर्वसनाच्या निवाड्यातला, आणि तीन वर्षं त्या शिवारात राबला असेल तर त्याने तो जरूर मांडावा.

गावातले बाकीचे खातेदार, तलाठी, ठेकेदार, सरपंच यांतलं कोणीही नको. शेजाऱ्यांनी आपापले अर्ज करायचे. ज्यांनी केलेच नाहीत, पण जमीन त्याच अधिसूचनेत गेली, त्यांना तुमच्या निकालानंतर तीन महिन्यांत कलम ७३ खाली तेवढाच दर मागता येतो. गावात ही गोष्ट सांगून ठेवा. तारीख चुकली की ते दारही बंद होतं.

हे वाचणाऱ्या इतरांसाठी थोडं. सुरत-नागपूर महामार्गात ज्यांच्या जमिनी गेल्या, त्यांनी तुमच्या वकिलांचा हा मसुदा उतरवून घेऊ नये. तिथे १९५६ चा राष्ट्रीय महामार्ग कायदा लागतो, दाद कलम ३-जी खाली लवादाकडे मागायची असते आणि समोर महामार्ग प्राधिकरण असतं. रेल्वेच्या संपादनात पक्षकार 'भारत सरकार, मार्फत महाप्रबंधक', कारण भुसावळचं कार्यालय कितीही मोठं वाटलं तरी कायद्यापुढे रेल्वे म्हणजे केंद्र शासन. आणि ज्यांची जुनी प्रकरणं १८९४ च्या कायद्याखाली अजून दिवाणी न्यायालयात किंवा अपिलात पडून आहेत, त्यांनी आजच एक यादी करावी : अर्जदारांपैकी कोण कोण हयात आहे. अपिलात मयताचे वारस ९० दिवसांत रेकॉर्डवर आणावे लागतात, नाहीतर त्याच्यापुरतं अपील संपतं. अपील करणारा गेला, तेरावं झालं, फेरफार नोंदला, सातबाऱ्यावर वारस लागले, आणि वकिलाला फोन करायचं तेवढं राहिलं, अशी प्रकरणं दर वर्षी निघतात. तुमचा थोरला भाऊ साठी ओलांडलेला आहे, म्हणून हे तुमच्यासाठीही.

आता मुदत. निवाड्याला हजर नसलेल्याला नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतलं जे आधी संपेल ते. तुमचे तीन आठवडे गेले, तीन उरले. सबळ कारण असेल तर जिल्हाधिकारी त्यानंतर एक वर्षापर्यंतचा अर्ज घेऊ शकतात, पण त्या सवलतीच्या भरवशावर राहू नका. बहिणींना नोटीसच आलेली नाही, त्यांची मुदत निवाडा कळल्यापासून मोजता येते, असं म्हणायला १९६१ च्या राजा हरीशचंद्र प्रकरणाचा आधार आहे. तरी चौघांचा अर्ज एकदमच जाऊ द्या.

रक्कम अजून उचलली नसेल, तर उचलताना पावतीवर 'निषेध नोंदवून स्वीकारली' असं स्वतःच्या हाताने लिहा. हे न लिहिता पैसे घेणाऱ्याला रेफरन्स मागता येत नाही, मग अर्जातली नावं कितीही बरोबर असोत. भाऊ एकटा बँकेत जाणार असेल तर तुम्ही बरोबर जा.

आज संध्याकाळी आधी सुरतेच्या बहिणीला फोन करा, मग दुसरीला. सुरतेच्या बहिणीला यायला जमत नसेल तर वकीलपत्र आणि अर्ज पोस्टाने पाठवून सही मागवता येते, त्यासाठी आठ दिवस धरा. वकिलांना वडिलांचा मृत्युदाखला, ए.कु.मॅ. चा मूळ फेरफार, विहिरीची नोंद असलेला जुना सातबारा आणि वीजबिलं द्या. आणि नोटीस ज्या पाकिटातून आली ते कोणी चुलीत घातलं नसेल, तर तेही द्या. सहा आठवडे त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्यापासून मोजायची वेळ येऊ शकते.